त्या घराची वेळ

नत्थुजींनी कानातलं मशीन काढून टेबलावर ठेवलं आणि कमी ऐकू येणाऱ्या माणसाच्या चढ्या आवाजात सांगितलं, "याच्यात बिघाड हाय, बाई. याच्यात एक पोरगी बोलते."

करिश्माने मशीन उचललं, सेल पाहिला, नळी पाहिली. मशीनला काही झालेलं नव्हतं. अमरावतीच्या राजापेठेतल्या तिच्या क्लिनिकमध्ये रोज कोणी ना कोणी असली तक्रार घेऊन यायचं. मशीनमध्ये शिट्टी वाजते, मशीनमध्ये वारा सुटतो. "कशी पोरगी, काका?" तिने मोठ्याने विचारलं.

"घुमारा आला का बोलते. तुमी हे लावून देलं तवापासून. आधी काई नवतं. आई, दार उघड म्हणते. आई, मी हाव, पायल." नत्थुजींनी हात उडवला. "आता हे पायल कोण व्हय? आमच्या घरी तं कोणी पायल नाई."

करिश्माने मशीन पुसून त्यांच्या कानात नीट बसवलं, आवाज थोडा कमी करून दिला आणि म्हणाली, "झालं दुरुस्त." ते उठले, आशीर्वाद देऊन गेले. मग तिने बाहेर बसलेल्या दोघांना उद्या या म्हणून सांगितलं, शटर ओढलं आणि गाडीत जाऊन बसली. गाडी सुरू केली नाही. किल्ली हातातच धरून ती बसून राहिली आणि त्या बसून राहण्याचाच तिला आधी राग आला. भीती वाटावी असं काही घडलं नव्हतं. घडलं होतं ते एवढंच, की पायल नावाची मुलगी ज्या घराच्या दारात कधी आलीच नव्हती, त्या घराच्या दारात ती बोलत होती.

घुमाऱ्याचं आता वऱ्हाडात कोणाला नवल राहिलं नव्हतं. काळी जमीन उन्हानं तडकली की भेगांमधून तो वर यायचा. मोठ्या रिकाम्या रांजणात कोणी तोंड घालून 'हूं' म्हणावं तसा एकसुरी, जाड आवाज. आधी शेतांत आला, मग दोन उन्हाळ्यांपासून अकोल्याच्या वस्त्यांत यायला लागला. तो चालू असेपर्यंत त्या जागेवरची आताची वेळ बाजूला व्हायची आणि एखादी जुनी वेळ तिथे येऊन बसायची. माणसं दिसत नसत. पण त्या वेळचा उजेड, त्या वेळचा वास आणि त्या वेळी तिथे बोललेलं सगळं जसंच्या तसं. घुमारा थांबला की घड्याळं मागे पडलेली असायची, ती लोक बिनबोभाट पुढे करून घ्यायचे. कुठल्या जागेला कुठली वेळ लागेल याला नियम नव्हता. पण एकदा लागली की त्या जागेला तीच. एका शाळेच्या पटांगणात कधीचा कोण जाणे गणवेशाचा नवा कोरा वास सुटायचा. एका किराणा दुकानात सासूसुनेचं जुनं भांडण लागायचं आणि गिऱ्हाईक ते उभं राहून ऐकायचं. ज्यांना सोसलं नाही ते घर सोडून गेले. उमरीतली करिश्माच्या बाबांची गल्ली तर जवळजवळ रिकामी झाली होती. बाबा तेवढे हलायला तयार नव्हते. नत्थुजींच्या आणि त्यांच्या घरात एकच भिंत होती.

आणि पायल, तिची मोठी बहीण, त्या घरात कधी आली नव्हती. ती गेली तेव्हा ते कृषीनगरात राहत होते. ती शेंदूरजनाघाटच्या शिवमबरोबर गेली, कोर्टात लग्न केलं, तिकडच्या संत्र्यांच्या बागेत नांदायला गेली. त्यानंतर लोकांच्या तोंडाला कंटाळून आईबाबांनी उमरीतलं हे घर घेतलं. बारा वर्षांत पायलने ना फोन केला, ना निरोप पाठवला. आईने हेच सांगितलं होतं. "तिचं तिले सुख लागलं, बाई. आपली याद कायले येते तिले." किती वेळा सांगितलं होतं. भाजी निवडताना, केस विंचरताना, आणि शेवटी दवाखान्यातल्या त्या हिरव्या पडद्याआड, सलाईनच्या हाताने करिश्माचं मनगट धरून. करिश्मा तेव्हा म्हणाली होती, "मेली ती माझ्यासाठी. तू अशी पडलीस आणि तिला काही पडलेली नाही." आईचा तिच्या मनगटावरचा अंगठा तेवढा हलत राहिला होता. करिश्माला ते तेव्हा माया वाटलं होतं.

बडनेऱ्याचा पूल ओलांडून गाडी अकोल्याच्या रस्त्याला लागली तेव्हा तिच्या ध्यानात आलं, की आपण पायलवर रागावण्यात किती वर्षं घालवली याचा कधी विचारच केला नाही. हा राग तिच्या अंगवळणी पडला होता. आईच्या अंत्ययात्रेला माणसं जमली होती, बुद्धवंदना सुरू होती आणि ती फाटकाकडे पाहत होती. येईल. आली तर सगळ्यांसमोर तिच्या तोंडावर बोलायची वाक्यं तिने मनात जुळवून ठेवली होती. पायल आली नाही. वाक्यं तशीच राहिली, आणि नंतर रात्रीबेरात्री, पेशंटचे कान तपासताना, सिग्नलला थांबल्यावर ती वाक्यं परत यायची, दरवेळी थोडी जास्त धारदार होऊन. हीच पायल, जिने तिला सायकल शिकवली होती. म्हणजे मागून धरलंय असं ओरडत सांगत राहायची आणि कधीच सोडून दिलेलं असायचं. गल्लीभर ऐकू जाणारा आवाज. बाबा म्हणायचे, या पोरीले भोंगा लागतच नाही. चौदा एप्रिलच्या भाषणाला बाबा उभे राहिले की माईक बंद पडायचा आणि पायल खालून ओरडायची, "बाबा, बिगर माईकचं बोला, येते ऐकू!" जात मोडली पाहिजे, असं त्या भाषणात असायचं. मग पायलने मोडली. बाबांनी त्या रात्री ताट सारलं आणि म्हणाले, "ते लोक तिले चुलीपाशी उभं करनार नाई. तवा येईन ते रडत. आली तं दार उघडू नका कोनी." हे वाक्य करिश्माने बाबांच्या नावावर कायमचं मांडून ठेवलं होतं. पायलवर राग होता तेवढाच बाबांवर होता. आई मधे होती, बिचारी, दोन्हीकडून चिरडलेली. घरात एक माणूस तरी निर्दोष असावं लागतं, नाहीतर माणसाने घरी जावं कशाला?

मूर्तिजापूर गेलं. दोन्ही बाजूंना काढून झालेली रानं, काळी, भेगाळलेली. एका ठिकाणी रस्त्यालगत घुमारा चालू होता. गाडी त्यातून जाताना काचेवरचं ऊन एकदम कोवळं झालं, कुठल्याशा जुन्या सकाळचं, बैलाच्या गळ्यातली घंटी कानाशी वाजली आणि लगेच परत फाल्गुनातली दुपार आली. तिने वेग कमी केला नाही.

बाबा समोरच्या खोलीत दाराजवळ खुर्ची टाकून बसले होते. इस्त्रीचा शर्ट, केस पाणी लावून बसवलेले, जणू कुठे निघायचं आहे. तिला पाहून दचकले. "तू? आज? फोन नाई केला?"

"पायल इथे आली होती?"

बाबांनी तिच्याकडे पाहिलं नाही. उंबऱ्याकडे पाहिलं. पाटबंधारे खात्यात आयुष्य काढलेला माणूस. पाण्याची पातळी पाहावी तसं पाहिलं.

"बाबा, मी काय विचारतेय? नत्थुजींना ऐकू आलं. बहिऱ्या माणसाला ऐकू आलं आणि मला कोणी सांगितलं नाही. ती या घरी आली होती आणि तुम्ही तिला दारातून परत पाठवलं. हो की नाही?"

"बस जरा," ते म्हणाले.

"मला बसायचं नाही!" तिचा आवाज चिरका झाला आणि तो ऐकून तिला आणखी राग आला. "माणूस म्हणवून घ्यायची लाज वाटत नाही तुम्हाला? आई मरताना तिची वाट पाहत होती! मी तिला शिव्या देत होते आणि तुम्ही बाहेरच्या बाकावर बसून ऐकत होता!"

"बस म्हनलं ना, करिश्मा. ऊन उतरलं का येते तो. तूच आयक."

ती बसली नाही. भिंतीला पाठ लावून उभी राहिली. बाबांनी तिला पाणी आणून दिलं, तिने ते घेतलं नाही; ग्लास त्यांनी खिडकीत ठेवला. बाहेरचं ऊन उतरायला लागलं. मग तळपायांना आधी कळलं. फरशीखालून काहीतरी जाड, गोल वर चढत आलं, पोटात शिरलं, कानांच्या मागे भरलं. खिडकीतल्या ग्लासात पाण्यावर बारीक वर्तुळं उठली. खोलीतला उजेड बदलला; ढगाळ, पावसाळ्याच्या शेवटचा. आणि वास आला. आईचा. कोरड्या मेथीचा, खोबरेल तेलाचा, ओल्या पदराचा. करिश्माच्या घशातून आवाज निघाला. आई इथे, हाताच्या अंतरावर उभी होती आणि नव्हती.

दार वाजलं. उघडंच असलेलं दार वाजलं.

"आई. आई, मी हाव, पायल. दार उघड ना."

मग आईच्या बांगड्या. दाराच्या अगदी जवळ. पण कडी वाजली नाही.

"आई, तू आत हायस, मले मालूम हाय. उघड ना वं. मले दिवस गेले, आई. मले काई नको, तुह्या हातचं खाऊन जातो फक्त."

"हळू बोल," आईचा आवाज. दबका, घाईतला, आणि तरुण. "हळू बोल, लोक आयकते. इथं कोणाले मालूम नाई तुह्याबद्दल. नवं घर हाय, नवी वस्ती."

"बाबा हायेत काय घरात?"

"नाई. यायच्या आत तू जाय."

"म्हंजे तूच उघडून नाई राहिली?"

मग आई म्हणाली, "करिश्माचं व्हाचं हाय अजून. तिले कोन करीन मग? तू तुह्यं पाह्यलं, बाई. आता तिचं पाहू दे मले. जाय. पुन्हा येऊ नको."

पायल रडली. ती गल्लीभर आवाजाची पायल, तोंडात ओढणी कोंबल्यासारखी रडली. चपला वाजल्या, फाटक वाजलं. आईच्या बांगड्या दाराला लागून खाली खाली गेल्या, म्हणजे ती बसली असावी. मग उठली. मग स्वयंपाकघरात कुकरचं झाकण लागलं.

बाबा उठून दारात जाऊन उभे होते. दोन्ही हात चौकटीला धरून, बाहेर वाकून. बाहेर ढगाळ उजेडात रिकामी गल्ली. घुमारा विरत गेला, ऊन परत आलं, आणि ते तसेच उभे राहिले.

"दरवेळी जाऊन पाह्यतो," ते म्हणाले. "तिथं कोनीच नसते."

करिश्माला ती संध्याकाळ आठवेना, आणि सगळ्या संध्याकाळी आठवायला लागल्या. ती क्लासवरून यायची, आई गरम वाढायची, मग बाबा यायचे आणि चपला काढता काढता विचारायचे, कोणी आलतं काय? रोज. आई म्हणायची, कोन येते आपल्याकडं. करिश्माला वाटायचं हा माणूस पहारा ठेवतोय, संशयी, कडू माणूस. हा माणूस वाट पाहत होता. स्वतःच्याच वाक्यात अडकून, ते मागे घेता न येऊन, रोज विचारत होता. आणि आई तिच्या ताटात आणखी एक पोळी टाकत होती. आपण ती खाल्ली, ती पोळी. पायल जिथून उपाशी गेली त्या घरात आपण रोज पोटभर जेवलो, आणि वर तिलाच दगड म्हणालो.

"कधीपासून माहीत आहे तुम्हाला?"

"मांगच्या उन्हाळ्यापासून."

"वर्ष झालं! आणि तुम्ही खुर्ची टाकून बसलात? उठून गेला का नाहीत तिच्याकडे? मला का नाही सांगितलं?"

"कोनतं तोंड घेऊन जाऊ? दार उघडू नका, हे म्याच म्हनलं होतं. तिनं माह्यंच आयकलं." ते खुर्चीवर बसले. "आन तुले सांगतलं असतं तं तुही आई तुह्यापासून गेली असती. मी तं गेलोच होतो. तिले तरी राहू द्या म्हनलं."

कोणाला मारावं हे तिला कळेना. असं प्रथमच झालं होतं, की राग अंगात मावत नव्हता आणि त्याला पत्ता नव्हता. आई भिंतीवरच्या फोटोत होती, निळ्या काठाच्या साडीत, तोंड मिटून. करिश्माचं व्हाचं हाय. तिला कोणी विचारलं होतं? तिचं नाव पुढे करून कोणी दार लावायला सांगितलं होतं? तिने खिडकीतला ग्लास उचलून फरशीवर आपटला. बाबा हलले नाहीत. मग तिनेच केरसुणी आणली, काचा भरल्या, त्यांना खिचडी करून दिली आणि स्वतः न जेवता आतल्या खोलीत जाऊन पडली. आईच्या अंगठ्याचा स्पर्श मनगटावर येत राहिला. ती माया नव्हती, किंवा होतीही. ती काहीतरी सांगायच्या बेतात होती आणि तिने सांगितलं नाही. मरतानासुद्धा नाही. मरणाऱ्या माणसावर एवढं संतापता येतं हे करिश्माला माहीत नव्हतं.

सकाळी ती शेंदूरजनाघाटला निघाली. बाबांना सांगितलं नाही. अमरावती, मोर्शी, वरूड. वरूडच्या पुढे रस्त्याला संत्र्यांचे ट्रक लागले. गावात शिवमचं नाव विचारलं तर एकाने सरळ सांगितलं, "पायलवहिनीचं ग्रेडिंग काय? ते पाहा शेडमधी. आवाज येऊन राहिला ना, तोच."

आवाज येतच होता. पत्र्याच्या शेडखाली बायका संत्री निवडत बसल्या होत्या, क्रेट एकावर एक रचले जात होते, आणि मधे कमरेला ओढणी खोचलेली एक जाड झालेली बाई एका ड्रायव्हरला झापत होती. करिश्मा सावलीच्या कडेशी थांबली. पायलने वळून पाहिलं. ओळखलं. चेहऱ्यावर काहीच आलं नाही. हातातलं संत्रं तिने क्रेटमध्ये ठेवलं, नीट, देठ वर करून.

"कोन मेलं?" ती म्हणाली.

"कोणी नाही."

"मंग?"

करिश्माने सगळं सांगितलं. घुमारा, नत्थुजींचं मशीन, दार. अमरावतीच्या क्लिनिकमध्ये कमावलेली तिची शांत, स्पष्ट भाषा मधेच फुटत होती. पायल ऐकत होती आणि तिचा चेहरा लाल लाल होत होता. निवडणाऱ्या बायकांचे हात थांबले.

"करिश्माचं व्हाचं हाय," पायल म्हणाली. "मी बारा वर्स झाले हे आयकून राहिली, तुले काल आयकू आलं. मंग? झालं काय तुह्यं?"

"नाही."

"काहून?"

"नको होतं मला. लग्नच नको होतं."

पायल हसली. ते हसणं वाईट होतं. "म्हंजे फुकटच गेलं की वं सारं."

"मला माहीत नव्हतं, ताई."

"तुले मालूम नवतं! फोन तं होता ना तुह्याकडं? माहा नंबर तोच हाय अजून. तोच! एक डाव फोन केला असता. ताई, जित्ती हायस का मेली, एवढं विचारलं असतं. माह्यी पोरगी झाली, मी तुह्या फोनची वाट पाह्यली. आई गेली ते मले परक्या मानसाकडून समजलं, महिना झाल्यावर. मी इथं, या क्रेटवर बसून रडली. आन तू येतेस आता, शहरातली डॉक्टरीन, सांगाले का आईनं दार उघडलं नवतं? मी होती ना तिथं! मी होती त्या दारात!"

"मीपण चिडलेय!" करिश्मा ओरडली. "तू एकटीच नाहीस! मला सगळ्यांनी मिळून मूर्ख बनवलं. मी तुझा द्वेष केला, कळतंय तुला? एवढी वर्षं. आता तो सगळा माझ्याकडे पडून आहे आणि कोणाला देऊ मी तो?"

ड्रायव्हर हळूच ट्रकमागे गेला. पायल धापा टाकत होती. तिने खोचलेली ओढणी सोडली, तोंड पुसलं, परत खोचली.

"बाबा अजून तिथंच राह्यते?"

"तिथेच. रोज दाराशी बसतात. इस्त्रीचा शर्ट घालून. तुझा आवाज येतो ना, म्हणून हलत नाहीत."

"कोनता आवाज?" पायलचे डोळे बारीक झाले. "तो रडका? उघड ना आई, वाला? तो आयकून राहिले ते वर्सभर?" ती दोन पावलं पुढे आली. "ते पोट्टी मी नोहो आता. तिले कितीक वर्स झाले सरून. मी इथं जित्ती, आन ते तिथं खुर्ची टाकून तिलेच आयकून राहिले? लाज नाई वाटत?"

ती तरातरा घराकडे गेली. आतून तिचा आवाज येत होता. शिवमला सांगत होती, पोरगी शाळेतून आली की जेवायला घाल, क्रेट मोजून घे, मी अकोल्याले जातो. शिवम काहीतरी म्हणाला असावा, कारण ती आणखी मोठ्याने म्हणाली, "माफी कायची? मी माफ कराले नाई चालली. मले भांडाचं हाय." ती बाहेर आली तेव्हा कपडे बदललेले नव्हते, केस विंचरलेले नव्हते, हाताला संत्र्याच्या सालीचा वास होता. पुढच्या सीटवर बसून तिने दार एवढ्या जोरात ओढलं की गाडी हलली.

वरूड मागे पडेपर्यंत ती बोलली नाही. मग एकदम बाबांना उद्देशून बोलायला लागली, समोरच्या काचेकडे पाहत. हे म्हणीन, ते म्हणीन, चौदा एप्रिलचं भाषण काढीन, आईच्या फोटोपुढे उभी राहून काढीन. वाक्यं जुळवत होती, मोडत होती, परत जुळवत होती. करिश्माला ते सगळं ओळखीचं होतं. तिने मधे एक शब्द सुचवला, जास्त लागणारा. पायलने तो घेतला.

मोर्शीच्या अलीकडे ती बोलायची थांबली, पाणी प्यायली. "त्याईले आयकू येते ना नीट? का तुह्याकडचं मशीन लावा लागते?"

"येतं. चांगलं येतं."

"मंग झालं," पायल म्हणाली. "जोरात घे गाडी."